त्यांना खोत म्हणायचं नाही

ते गेले त्याच आठवड्यात आमच्या गावच्या तिठ्यावर फ्लेक्स लागला. वर देवीचा फोटो, खाली त्यांचा, आणि मध्ये लाल अक्षरांत ‘श्रीमंत खोतसाहेब यांना भावपूर्ण श्रद्धांजली’. फोटोत त्यांच्या डोक्यावर जरीचा फेटा होता. उभ्या जन्मात त्यांनी फेटा बांधलेला मी पाहिला नाही. कुणीतरी कंप्युटरवर तो चढवला होता, आणि घाईत चढवल्यामुळे एक कान फेट्याच्या आत आणि एक बाहेर राहिला होता. कोपऱ्यात बारीक अक्षरांत ‘सौजन्य’ म्हणून एका रिसॉर्टचं नाव. मी रत्नागिरीहून आलो होतो. गाडीतून उतरलो तो समोर हे. मला रडू येईल असं वाटलं होतं. आला तो राग. तो अजून उतरलेला नाही.

श्रीमंत! गुहागरात स्टँडच्या मागे भाड्याच्या दोन खोल्या, एक स्टोव्ह, एक लोखंडी खाट आणि दांडीवर वाळत घातलेल्या खाकी पँटी, एवढा या माणसाचा संसार. एसटीत कंडक्टर म्हणून लागले आणि कंडक्टर म्हणूनच रिटायर झाले. लग्न केलं नाही. कुणी कारण विचारलं तर म्हणायचे, “कायद्यानं मेलेला खोत पुन्हा जन्माला घालू काय?”

कोकणाबाहेरच्या माणसाला खोत म्हणजे काय हे आता सांगावं लागतं. गावचा सारा गोळा करून सरकारात भरायचा पिढीजात हक्क ज्या घराकडे, ते खोताचं घर. कागदावर एवढंच. प्रत्यक्षात भातखाचरं त्यांची, आंबे-फणस त्यांचे, आणि खालच्या वाडीतली आम्ही माणसंही जवळपास त्यांचीच. आम्ही त्यांची कुळं. पिकल्या भातातलं अर्धं त्यांच्या घरी. त्यांच्या छपराची शाकारणी फुकट आमच्या अंगावर. पोरीचं लग्न ठरलं तर बातमी आधी खोताच्या ओटीवर. मग खोती कायद्यानं गेली, कुळकायदा आला, जमिनी आमच्या नावावर झाल्या. मान मात्र कुठल्याच कायद्यात लिहिलेला नव्हता, म्हणून तो कुठल्याच कायद्यानं गेला नाही.

तो जावा म्हणून या माणसानं जे जे केलं ते बघून गाव त्यांना वेडा म्हणायचं. तेसुद्धा पाठीमागे, आणि आदरानं. “खोत जरा चक्रम हायत,” असं. ‘हाय’ असं कुणी म्हणालं नाही.

मी त्यांना ओळखू लागलो तो कॉलेजात जाताना. सकाळच्या गुहागर गाडीवर त्यांची ड्यूटी असायची. उंच, वाकलेले, नाक धारदार, आणि आवाज असा की मागच्या बाकावरच्या कोंबड्याही गप्प व्हायच्या. ही नोकरी त्यांनी मुद्दाम मागून घेतली होती. म्हणायचे, “लोकांसमोर हात पसरायचा, सुट्ट्या पैशांवरून शिव्या खायच्या, उभं राहून प्रवास करायचा. खोताला माणूस करायला याच्याइतकी चांगली नोकरी नाही.” पण शिव्या द्यायला कुणी तयारच नव्हतं. खालच्या वाडीतली म्हातारी गाडीत चढली की आधी त्यांना हात जोडायची.

“कुठं जायचं?”

“खोतानु, तुमी घालाल तितं उतरंन.”

“अगं, मी घालणारा कोण? गाडी सरकारची, पैसे तुझे, पाय तुझे. बोल, कुठलं तिकीट फाडू?”

“तुमाला ठावं हाय ना.”

“मला काही ठाऊक नाही! मी कंडक्टर आहे!”

म्हातारी हसायची. गाडी हसायची. आणि पुढून ड्रायव्हर ओरडायचा, “खोत, बेल मारा की!” सरकारी खात्यातल्या बिल्ल्यावर त्यांचा नंबर होता, पण त्या गाडीत त्यांना नंबरानं किंवा नावानं हाक मारणारं एकही माणूस नव्हतं.

एकदा गाडीत मी उभा होतो. त्यांनी माझ्या दंडाला धरून मला कंडक्टरच्या सीटवर बसवलं. “बस. कोणाचा तू? खालच्या वाडीतला ना? बस. कूळ बसलं, खोत उभा. बघू दे सगळ्यांना.” मी घामानं भिजलो. शेजारची मावशी दातओठ खाऊन पुटपुटत होती, “ऊठ रे मेल्या, खोत उबं हायत, ऊठ.” मी उठलो की ते खांदा दाबून बसवायचे, बसलो की मावशी चिमटा काढायची. शेवटी मोडकाआगर यायच्या आधीच मी मधल्या एका स्टॉपवर उतरलो आणि पुढे चालत गेलो. त्यांचा मला त्या दिवशी संताप आला. यांच्या प्रायश्चित्तासाठी मी का सगळ्यांसमोर बसायचं? आज या वयातही मला वाटतं, त्या संतापात काही चूक नव्हती.

त्यांना आणखी एक खोड होती. तिकीट फाडता फाडता मध्येच विचारायचे, “माझ्या बापानं तुमच्या घराला काय त्रास दिला?” भर गाडीत. समोरचा गडबडायचा. “खोत देवमाणूस व्हते,” म्हणायचा. “खोटं! भाताचं माप हाताखाली दाबून घ्यायचा तो. मी स्वतः बघितलंय. सांग खरं.” कुणी सांगायचं नाही. मग ते स्वतःच सांगायचे. माझ्या आजोबांची गोष्ट मला घरातून कळली नाही, त्यांच्याकडून कळली. त्यांची आई डोलीत बसून माहेरी जायची, हेदवीला. पुढचा खांदा माझ्या आजोबांचा. हे तेव्हा लहान, आईच्या मांडीवर. “तुझ्या आज्याच्या मानेखाली एवढी गाठ होती,” ते म्हणाले आणि त्यांनी आंब्याच्या कोयीएवढं माप बोटांनी दाखवलं. “मी डोलीतून हात काढून ती गाठ दाबून बघायचो. मला वाटायचं, ती डोलीचाच भाग आहे.” एवढं बोलून त्यांनी पुढच्या माणसाचं तिकीट फाडलं.

घरी येऊन मी वडिलांना विचारलं. वडील म्हणाले, “कशाला जुनं उकरायचं. खोतांनी आपल्याला जमीन दिली.” दिली! कायद्यानं मिळालेली जमीन माझे वडील मरेपर्यंत ‘खोतांनी दिली’ असंच म्हणत राहिले.

देवळातल्या सभेचा प्रसंग गावात अजून हसत हसत सांगतात. मला त्याचं हसू येत नाही. देवीच्या उत्सवाची बैठक होती. त्यांच्यासाठी नेहमीप्रमाणे खुर्ची मांडलेली. ते आले आणि जाजमावर मांडी घालून बसले. लगेच जाजमावरची सगळी माणसं उठून मंडपाच्या उघड्या फरशीवर गेली. खोताच्या बरोबरीनं कसं बसायचं? ते उठले आणि फरशीवर जाऊन बसले. माणसं पायऱ्यांवर उतरली. ते पायरीवर आले. माणसं खाली अंगणात गेली, भर उन्हात, दगडी गडग्याला टेकून उकिडवी बसली. देऊळ रिकामं, पायरीवर एकटे खोत, आणि सगळं गाव उन्हात.

“आता कुठं बसू मी?” ते ओरडले. “विहिरीत बसू?”

म्हातारा गावकर हात जोडून उभा राहिला. चेष्टा करायची त्याची छाती नव्हती, तो मनापासून म्हणाला, “खोतानु, तुमी आपलं खुर्चीत बसा, म्हंजी आमाला आत येता येल.”

ते गेले आणि खुर्चीत बसले. काढा प्यायल्यासारखं तोंड करून. गाव आत आलं आणि बैठक सुरू झाली.

खरा झगडा शिमग्याचा. होम झाला की देवीची पालखी सहाणेवरून, म्हणजे तिच्या चौथऱ्यावरून, निघते आणि घरोघर जाते. पहिला मान खोताच्या खळ्याचा, म्हणजे घरापुढच्या अंगणाचा. तिथं खालू बाजा वाजतो, पालखी नाचते, देवीपुढचा पहिला नारळ खोताच्या हातात पडतो. मग वरची वाडी. आमची खालची वाडी सगळ्यांत शेवटी. तोवर वाजवणाऱ्यांचे हात गळालेले, पालखी नाचत नाही, दोन स्टुलांवर टेकवतात, ओट्या भरून घेतात आणि उचलतात. माझी आई सकाळपासून उपाशी राहून वाट बघायची आणि देवी तिच्या खळ्यात चहा संपेपर्यंतसुद्धा थांबायची नाही. आणि यातली मेख अशी की पालखीला खांदा देणारी सगळी माणसं आमच्या वाडीतली. पिढ्यान्‌पिढ्या.

हे त्यांना खुपायचं. “खांदा तुमचा, तर वाट माझी कशी?” हे त्यांचं वाक्य मी इतक्यांदा ऐकलंय की झोपेतसुद्धा म्हणेन. बैठकीत ते दरवर्षी सांगायचे, पालखी आधी खालच्या वाडीत न्या. दरवर्षी सगळे मान डोलवायचे, आणि दरवर्षी पालखी त्यांच्या बंद फाटकापुढे जाऊन नाचायची. भाऊ पुण्याला, घर बंद, हे मुद्दाम त्या दिवशी ड्यूटी लावून घ्यायचे. नारळ फाटकाला टेकवून ठेवायचे, पण खोताचा म्हणून ठेवायचेच.

एका वर्षी तर पालखीनं तिठ्यावर एसटी अडवली. मी त्या गाडीत होतो. बाजा दणाणतोय, पालखी बॉनेटपुढे नाचतेय, ड्रायव्हरनं चपला काढून हात जोडलेले. गुरव नारळ घेऊन दारात आला. “खोतानु, मान.”

“मी ड्यूटीवर आहे.”

“देवी तुमच्या गाडीपाशी आली, आता न्हाय म्हनू नका.”

“गाडीत चढायचं तर तिकीट लागतं. देवी एकटीच, की बरोबर लगेज आहे?”

त्यांनी शांतपणे लगेजचं तिकीट फाडलं, पैसे स्वतःच्या खिशातून काढून बॅगेत टाकले, तिकीट नारळाच्या शेंडीला खोचलं आणि नारळ पुढच्या बाकावर एका मुसलमान म्हातारबाबांच्या मांडीवर ठेवून म्हणाले, “चाचा, धरा. अंजनवेलला पोचला की फोडून खा.” चाचांनी तो दोन्ही हातांनी धरला. डबल बेल वाजली. गाव म्हणालं, चक्रम.

मी शिकलो, रत्नागिरीत हायस्कुलात मास्तर झालो, तिथंच राहिलो. सणासुदीला गावी जायचो तेव्हा वाटेत त्यांच्या खोलीवर डोकावायचो. तोवर मी त्यांना अण्णा म्हणू लागलो होतो. स्टोव्हवर चहा टाकायचे आणि म्हणायचे, “वर्गात काय शिकवतोस? राजे?” “हो, राजेच आहेत पुस्तकात.” “मग पोरांना सांग, राजा उतरवणं सोपं असतं. खाली वाकलेली मान वर करणं कठीण.” असं काही मोठं बोलून गेले की स्वतःच लाजायचे आणि साखर जास्त टाकायचे.

पुढे पुण्याच्या भावांनी जागा विकली. सह्या सगळ्यांच्या लागत होत्या, यांनीही केली; म्हणाले, “जाऊ दे, खळंच गेलं की मान कुठं मांडतील?” त्यांचा हा हिशेब इतका भोळा होता की आठवला तरी वाईट वाटतं. मुंबईच्या एका शेठनं ती जागा घेतली. जुनं घर पाडलं. त्या जागी सिमेंटच्या भिंतींना जांभ्याच्या पातळ चिपा चिकटवून नवीन ‘जुना वाडा’ उभा केला. पाटीवर खोतांचं आडनाव, सोनेरी अक्षरांत. वेटरांच्या डोक्याला फेटे. हे वेटर कोण? आमच्याच वाडीतली पोरं. ‘खोती थाट’ नावाचं ताट आहे तिथं, आणि दारात एक डोली ठेवली आहे. पाहुणे तिच्यात बसतात, वाडीतली दोन पोरं ती उचलतात, फोटो निघतो. माझ्या आजोबांच्या मानेवरची गाठ लोक आता आनंदानं, सुट्टी काढून, बघायला येतात. घराणं गेलं म्हणतात. कुठं गेलं? ते विकत मिळायला लागलं, एवढंच झालं.

आणि मग त्या वर्षीच्या शिमग्याला, सहाणेवर पालखी सजलेली असताना, देवस्थानच्या अध्यक्षांनी जाहीर केलं की मान हा खळ्याचा असतो. खळं शेठनी घेतलं, म्हणजे पहिला मान आता शेठचा. शेठनी देवळाला सभामंडप बांधून दिला होता, ग्रॅनाइट बसवलं होतं. म्हातारा गावकर गुळगुळीत फरशीवरून घसरेल म्हणून भिंत धरून उभा होता. खांदेकरी मान खाली घालून उभे. माझा चुलतभाऊ पांडू, मुंबईत वॉचमन, रजा काढून खांदा द्यायला आलेला, पुढच्या दांड्यापाशी तंबाखू मळत होता. मी मागे खांबाला टेकून उभा होतो. माझ्या मनात समतेवर एक उत्तम भाषण तयार झालं होतं.

तेवढ्यात ते आले. गुहागराहून रिक्षानं. रिटायर होऊन वर्षं झाली होती, तरी अंगात तोच खाकी शर्ट. कुणीतरी धावत खुर्ची आणली. त्यांनी ती पायानं सरकवली आणि पालखीपुढे जाऊन उभे राहिले. मला वाटलं, नेहमीसारखे विनवतील, ओरडतील, लोक मान डोलवतील.

“खोत म्हणून सांगतो,” ते म्हणाले. त्यांच्या तोंडून हे शब्द मी कधीही ऐकले नव्हते, कुणीच नव्हते. “आजपासून देवी आधी खालच्या वाडीत जाईल. माझा शब्द आहे.”

आणि मग देवापुढे गाऱ्हाणं घातल्यावर उठतो तसा एकच आवाज उठला, “व्हय म्हाराजा!” कुणी म्हणायला सांगितलं नव्हतं. त्यात अध्यक्षांचा आवाज होता. माझाही होता.

पालखी पाखाडीच्या दगडी पायऱ्या उतरून सरळ वाडीतल्या पहिल्या घरी, आमच्या खळ्यात आली. आई बेसावध होती. देवी आपल्याकडे शेवटी येणार हे तिनं इतकी वर्षं गृहीत धरलेलं. ती निवांत खळं सारवत होती, कोपरापर्यंत शेणाचे हात, अर्धं खळं ओलं, अर्धं कोरडं. दिवा नाही, ओटी नाही. बाजा दारात ऐकू आल्यावर ती पातेल्यातल्या पाण्यात हात खळबळून धावली, शेजारणीनं नारळ आणून दिला, आणि त्या ओल्या सारवणावर पालखी नाचली. माझ्या आयुष्यात पहिल्यांदा देवी आमच्या खळ्यात नाचली. ओल्या शेणात पावलं उमटत होती आणि आई रडत होती. मीही रडलो. ते खोटं नव्हतं.

गुरवानं पहिला नारळ आईच्या हातात दिला. तिनं तो कपाळाला लावला, इकडेतिकडे बघितलं, आणि गडग्याशी उभ्या असलेल्या त्यांच्याकडे गेली. वाकून तो त्यांच्या पायांपाशी ठेवला.

“खोतानु, तुमी देवी धाडलीत.”

ते होते तिथंच, ओल्या सारवणात, मटकन बसले. सगळे मागे सरकले. खोताच्या बरोबरीनं कसं उभं राहायचं म्हणून काही जण खाली वाकले. त्यांनी आईकडे बघितलंही नाही. माझ्याकडे बघितलं.

“मास्तर, तुझं तोंड शिवलं होतं काय रे?”

मी म्हणालो, “अण्णा, देवी आली ना आमच्याकडे. तुम्हाला हेच हवं होतं.”

“हे? मेल्या, हे? तुम्ही बोलला असता तर तो हक्क झाला असता. मी बोललो, ही भीक झाली. आणि सगळे कसे ‘व्हय म्हाराजा’ म्हणालात! एकानं तरी ‘तू कोण सांगणारा’ म्हणायचं होतं. जन्मभर तो शब्द गिळला मी. आज बाहेर काढला आणि तुम्ही सगळे वाकलात. उद्या मी मरेन. भीक घालणारा मेला की भीक बंद.”

तेव्हाही मला त्यांचा राग आलाच. मान नाकारायला आधी तो असावा लागतो. त्यांच्याकडे फेकून द्यायला काहीतरी होतं. आमच्या आईच्या हातात आयुष्यात पहिल्यांदा एक नारळ आला होता आणि हे तिला सांगत होते की तो नासका आहे. हे मी बोललो नाही. बोलायला हवं होतं, त्यांना आवडलं असतं. ते उठले, पँटीला शेण तसंच, आणि संध्याकाळच्या गाडीनं गेले. गाडीत सगळे उठले. ते गुहागरपर्यंत उभेच राहिले, आणि सगळी गाडी त्यांच्याबरोबर उभी राहिली.

त्यांचं म्हणणं अक्षरशः खरं झालं. ते जिवंत होते तोवर दर शिमग्याला पालखी आधी खाली येत राहिली, गाऱ्हाण्यात ‘खोतांच्या शब्दापरमानं’ हे जोडूनच. आई प्रत्येक वर्षी नारळ त्यांच्यासाठी बाजूला काढायची आणि मी तो गुहागरला त्यांच्या खोलीवर नेऊन द्यायचो. ते दार उघडून नारळाकडे बघायचे, मग माझ्याकडे, आणि म्हणायचे, “टपाल आलं वाटतं.” नारळ मात्र शेजारच्या बिऱ्हाडात देऊन टाकायचे.

यंदाच्या शिमग्याला ते नव्हते. सहाणेवर त्यांचा तोच फोटो, फेटेवाला, एक कान बाहेर, पाटावर ठेवलेला. अध्यक्षांनी त्याला हार घातला, डोळे टिपले, आणि त्याच श्वासात म्हणाले, “खोतांचा शब्द होता, तो आपण पाळला. आता खोत राहिले नाहीत, त्यांच्याबरोबर शब्दही गेला. पालखी आधी शेठकडे जाईल. शेठ सहकुटुंब आलेत.” हार घालणारा हात आणि ही बोलणारी जीभ एकाच माणसाची, आणि कुणाला त्यात काही वावगं वाटलं नाही! तिठ्यावर रिसॉर्टचं फाटक झेंडूनं सजलं होतं, बँड उभा होता.

मी बोललो. उत्तम भाषण वगैरे काही झालं नाही, आवाज फाटला. म्हणालो, “त्यांच्या शब्दाचा काय संबंध? खांदा आमच्या वाडीचा आहे.” कुणीतरी हसलं. अध्यक्ष म्हणाले, “मास्तर, तुम्ही रत्नागिरीला राहता. कधी खांदा दिलाय?”

दिला नव्हता. कधीच नाही. पांडू पुढच्या दांड्यापासून म्हणाला, “मास्तर, बोलन्यापरीस या. मागचा दांडा घ्या.” ते चिडवणं होतं की बोलावणं, मला अजून कळलेलं नाही. मी चष्मा खिशात ठेवला आणि दांडा घेतला. देवीचं वजन एवढं असेल याची मला कल्पना नव्हती. दांडा बरोबर मानेखाली रुततो, जिथं आजोबांची गाठ होती तिथं.

तिठ्यावर आलो. डावीकडे झेंडूचं फाटक आणि बँड. उजवीकडे आमच्या वाडीत उतरणारी पाखाडी. अध्यक्ष पुढे होऊन डावीकडे हात करत होते. पांडू थांबला. मान वळवून त्यानं माझ्याकडे बघितलं.

“मास्तर, कुठं न्यायाची?”

सगळे माझ्याकडे बघू लागले. शिकलेला माणूस, मास्तर, खोतांच्या उठबशीतला. सांगायचा तोच शब्द माझ्या जिभेवर आला होता. सांगितलं असतं तर त्यांनी ऐकलं असतं. मला ते चष्म्याशिवायही कळत होतं. आणि माझ्या अंगात असा संताप उसळला, पांडूवर, स्वतःवर, त्या वाकायला कायम तयार असलेल्या माझ्याच माणसांवर, की मी गाडीतल्या त्या आवाजात ओरडलो.

“मला काय विचारतोस? मी सांगणारा कोण? खांदा तुझा, पाय तुझे!”

बाजा थांबला होता. पांडू डावीकडे गेला असता तर मी मागून डावीकडेच गेलो असतो, दुसरं काय करणार होतो? त्यानं तंबाखू थुंकली. दांडा या खांद्यावरून त्या खांद्यावर घेतला. अध्यक्षांचा हात अजून हवेत होता. पांडू त्या हाताखालून वाकून गेला आणि पहिलं पाऊल पाखाडीच्या पायरीवर टाकलं. मला काही दिसत नव्हतं, पायरी पायाला लागली तेव्हा कळलं.

खळं सारवून कोरडं झालं होतं. दिवा लावलेला होता. पालखी नाचली. गुरवानं नारळ आईच्या हातात दिला. तिनं तो कपाळाला लावला आणि मान वर करून पालखीच्या मागे बघितलं, गडग्याकडे बघितलं, पाखाडीच्या वरच्या टोकापर्यंत बघितलं.

“कोनी धाडली?” तिनं मला विचारलं.

“कुणी नाही.”

“अरे, कोनी तरी सांगितलं असंल ना?”

“कुणी नाही, आई.”

ती नारळ हातात धरून तशीच उभी राहिली, बराच वेळ. तो कुणाला द्यायचा हे तिला कळेना. मग तिनं तो पदरात घेतला आणि घरात गेली.